सजगतेच्या तासाचा पहारा

ताई,

नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत ते सविस्तर कळव. नुसतं ‘बरे आहेत’ मी धरणार नाही. माझ्या डोळ्याचं विचारलंस म्हणून सांगते, येत्या गुरुवारी सकाळी मोतीबिंदू काढायचा आहे. वीस मिनिटं न हलता पडून राहायचं, एवढंच. डॉक्टरांनी जमेल ना, असं तीनदा विचारलं (आधीच्या दोन तारखा मी रद्द केल्या, त्याचा राग असावा). किरकोळ बाब आहे. पत्राचं कारण वेगळं आहे.

आमच्या मुख्याध्यापिकाबाईंनी यंदा सातवीला सजगतेचा तास लावला. श्वासाकडे लक्ष द्यायचं, मनात येईल ते येऊ द्यायचं, असा तो विषय. तो गणिताच्या बाईंकडे का, विचारलं, तर म्हणाल्या, सगळ्यात जास्त शांतता तुमच्याच वर्गात असते. (ती शांतता कशाची, हे त्यांना अजून कळलेलं नाही.) आता विषय म्हटला की परीक्षा आलीच. पहिल्याच दिवशी मी पाच मिनिटांतले श्वास मोजून वहीत लिहायला लावले. मागच्या दोन बाकांवर सगळ्यांचे बहात्तर भरले. शेजाऱ्याचं बघून श्वास घेणारी मुलं मी प्रथमच पाहिली. फेरपरीक्षा घेतली, तर एकाला चक्कर आली; श्वास कमी तेवढे गुण जास्त, अशा समजुतीने तो धरून बसला होता.

गेल्या मंगळवारी सगळा वर्ग डोळे मिटून बसलेला, आणि एक मुलगी टक्क माझ्याकडे बघते आहे. एरवी तिच्या तोंडून शब्द निघत नाही. उभी केली.

“बाई, तुमचेपण उघडेच असतात,” ती म्हणाली.

“कुणीतरी लक्ष ठेवायला नको?”

“मग आज मी ठेवते. तुम्ही मिटा.”

वर्गासमोर डोळे मिटायची एकतीस वर्षांतली ही पहिलीच वेळ. आता खडू येऊन लागणार, बाक पडणार, अशी मनाची तयारी करून मिटले. उघडले तेव्हा घंटा होऊन गेली होती आणि वर्ग रिकामा. (मुलं बूट हातात घेऊन गेली म्हणे.) ती मुलगी तेवढी बसून होती, दारात मुख्याध्यापिकाबाई, आणि फळ्यावर उभ्या रेघा, पाचापाचांचे गठ्ठे, मी शिकवल्याप्रमाणे. ते माझे श्वास होते, वीस मिनिटांचे दोनशे चाळीस. काही रेघांवर टिंब होतं. ते घोरणं, असं तिने समजावलं.

“पण हलला नाहीत, बाई. एकदाही नाही.”

मुख्याध्यापिकाबाई दार हळूच लोटून गेल्या. मी गठ्ठे मोजून पाहिले. बरोबर होते.

गुडघ्यांचं लिही.

तुझी धाकटी

ता. क. गुरुवारी एका माणसाला आत शेजारी बसू देतात. मला तशी गरज नाही. गुडघे ठीक असतील तर आठ वाजता ये. माझे श्वास बोटांवर मोजलेस तरी चालेल.

आणखी एक. गुरुवारी डोळ्याच्या ऑपरेशनमुळे मी नसणार हे वर्गात सांगितलं, तर ती मुलगी दवाखान्यात यायला निघाली होती. तिला म्हटलं, शाळा बुडवायची नाही, माझी ताई आहे. तेव्हा गुडघे ठीक नसले तरी ये.