पलीकडचा पट्टा

अप्पा, तुम्हाला जाऊन तीस वर्षं होऊन गेली आणि मी अजून तुमच्यावर चिडलेलीच आहे. आज सकाळी शेजारची सून तिच्या मुलीला सायकल शिकवत होती. सीट धरून मागे पळत होती, "धरलंय गं, मी धरलंय" म्हणत होती, आणि हात तर तिनं केव्हाच सोडला होता. सगळी चाळ हसत होती. मी आत आले, दार लावलं आणि केलेला चहा तसाच ठेवला. या वयात माणसानं असं तडकू नये म्हणतात. म्हणोत. दर वर्षी तुमच्या श्राद्धाला माणसं जेवायला येतात आणि हात धुता धुता तेच ते बोलतात, अप्पा म्हणजे देवमाणूस, कुणाच्या काडीला कधी हात लावला नाही. ऐकून ऐकून कान किटले माझे. देवमाणूस म्हणे! मी वाढत असते आणि दात आवळून खाली बघत असते. म्हणून आज लिहायला बसले. हे कुठल्या पत्त्यावर टाकायचं ते मला विचारू नका, टाकायचंच नाहीये.

छत्तीस साल असावं. आई बाळंतपणाला मनमाडला माहेरी गेली होती, माझ्या शाळेला उन्हाळ्याची सुट्टी लागली होती, आणि नाशकात मला एकटीला ठेवायचं कुणाकडे हा प्रश्न होता. तुम्ही पाटबंधारे खात्यात ओव्हरसियर, तुमचा दौरा ठरलेला. तेव्हा बाराव्या वर्षी मी तुमच्याबरोबर दौऱ्यावर निघाले. सायखेड्याच्या खालच्या अंगाला बंधारा, त्याच्या फुगवट्याचं पाणी लांबवर पसरलेलं, आणि त्या पाण्यात एक बेट. बेटावर एकच खोपट होतं. एक बाई, तिचा नवरा, चार शेळ्या. गाळाच्या जमिनीत ती दोघं कलिंगडं, काकड्या, डांगरं लावायची. बंधाऱ्याचं पाणी आणखी वर चढवायचं ठरलं होतं, मग बेट बुडणार. त्यांना इथं जेवढी कसत होती तेवढीच जमीन काठावर मिळणार होती. तेवढी म्हणजे किती, हे मोजून लिहायचं काम तुमचं. यात कठीण काय होतं सांगा!

पण तुमचं चित्त होडीत. कुणी गोरा साहेब बदकांच्या शिकारीला आला होता आणि जाताना आपली कापडाची होडी बंधाऱ्याच्या चौकीत टाकून गेला होता. लाकडी फासळ्यांवर ताणलेलं मेणकापड, शेंगेसारखी निमुळती, आत दोनच जणांनी पाय लांब करून बसायचं, आणि वल्हं एकच पण दोन्ही टोकांना पाती असलेलं. चौकीचा शिपाई म्हणाला, "साहेब, ही होडी हाय का पाळणा? पोरीला घिऊन नका जाऊ." तुम्ही हसलात. तुमची दौऱ्याची सायकल कोळ्याच्या होडीत आडवी टाकून पुढे पाठवलीत आणि आपण दोघं त्या पाळण्यात बसलो, मी पुढे, तुम्ही मागे. पाणी माझ्या कमरेच्या बरोबरीनं चाललंय. डावं पातं बुडतं, उजवं वर येतं, त्याचे थेंब माझ्या मांडीवर पडतात. "घे, तू मार," तुम्ही म्हणता, आणि वल्हं माझ्या हातात येतं. होडी गोल फिरते. तुम्ही रागावत नाही, घरी पाण्याचा तांब्या लवंडला तर डोळे वटारणारे तुम्ही, मोठ्यानं हसता. तुमचं ते हसणं मी त्याआधी ऐकलं नव्हतं आणि नंतरही कधी ऐकलं नाही. याचाही राग आहे मला. एका दिवसापुरता बाप दाखवलात आणि परत कपाटात ठेवून दिलात.

बेटावर पोचलो तेव्हा ऊन चांगलं वर आलं होतं. मोजणीची साखळी धरणारे दोघे गडी लग्नाला गेलेले, म्हणून तुम्ही तुमची ती युक्ती काढलीत. सायकलच्या पुढच्या चाकाच्या एका तारेला चिंधी बांधली. चाक एकदा फिरलं की चिंधी वर दांड्याला लागून फट् व्हायची. एक फट् म्हणजे एक फेरा, आणि एका फेऱ्यात किती फूट ते तुम्ही टेपनं मोजून ठेवलेलं. लांबी चाकानं, रुंदी पावलांनी. "साहेबाला काय कळतंय साखळी का चाक," म्हणालात. पहिल्या वाफ्याला तुम्ही सायकल ढकलत चाललात आणि मी मोठ्यानं फेरे मोजले. दुसऱ्या वाफ्याला तुम्ही थांबलात, इकडे तिकडे पाहिलंत. पाणी, शेळ्या, ती बाई. आपल्या आळीतलं कुणी नव्हतं. म्हणालात, "बसतेस?"

अप्पा, मधल्या दांडीखालून पाय घालून हाफ पायडल मारत मी त्या बेटावर सायकल शिकले. परकर खोचलेला, गुडघे फुटलेले, तुम्ही मागे सीट धरून धावताय, धोतराचा सोगा तोंडात धरलेला. ती बाई कमरेवर हात ठेवून ओरडतेय, "आगं सोड की घाबरायचं, वाळूच हाय, पडली तर पडली!" दुपारपर्यंत मी एकटी जायला लागले. मोजायचं ते मोजत होतेच, फट्, फट्, फट्, पण वाफा संपला तरी वळून पुन्हा एक चक्कर मारत होते, फुकटची. तुम्ही वहीत आकडे लिहीत होतात. मला इतका आनंद झाला होता की रडू येत होतं. असा दिवस आयुष्यात माणसाला एकदा मिळाला तरी पुष्कळ, असं मी तुमच्यावर रागावलेली असतानाही म्हणते, काय करू.

जेवायची वेळ झाली. आपला डबा चौकीतच राहिला होता. बाईनं विचारलं, "बामनाला आमची भाकर चालंल का?" तुम्ही पुन्हा तसंच इकडे तिकडे पाहिलंत आणि मांडी घालून बसलात. बाजरीची भाकरी, मिरचीचा ठेचा, वर फोडलेलं कलिंगड. दोन भाकरी खाल्ल्यात. मग मला हळूच म्हणालात, "आईला सांगायचं नाही." मी मान हलवली. बाई हात पुसत जवळ आली आणि म्हणाली, "साहेब, पलीकडचा पट्टा बी धरा हां. गुडघाभर पान्यातनं जावं लागतंय, पण खरी काळी माती तिथंच हाय. आमचं पोट त्याच्यावरच हाय." तिचा नवरा नुसता मान डोलवत होता. तुम्ही म्हणालात, "धरतो, धरतो. कागदावर सगळं येईल."

आणि मग काय केलंत? पाण्यात पाय घालून पलीकडे गेलात? नाही. उन्हं कलायला लागली होती. तुम्ही होडीकडे बघितलंत, मग माझ्याकडे. "चल, परतायच्या आधी बेटाला एक वळसा मारू." आपण वळसा मारला. पलीकडचा तो पट्टा उजव्या हाताला आला. हिरवागार, वेलांनी भरलेला, पिवळी फुलं पाण्यावर वाकलेली. मी म्हणाले, "अप्पा, हे मोजायचं राहिलं." तुम्ही वल्हं न थांबवता म्हणालात, "येऊ पुन्हा." डोंबल पुन्हा! आपण परत गेलो नाही. दुसऱ्या दिवशी तुम्ही चौकीत बसून अहवाल लिहिलात आणि त्यात तो पट्टा नव्हता. एका बाईचं पोट तुमच्या हातात होतं आणि तुम्ही ते एका चकरेसाठी सोडून दिलंत, तेही माझ्या समोर, मला पुढे बसवून.

दहा-बारा दिवसांनी मोठे साहेब चौकीवर तपासणीला आले. आपले मराठी बोलणारेच होते, ओसरीवर खुर्ची टाकून बसले. ती दोघं नवरा-बायको अंगणात उभी. कुणीतरी त्यांना कागद वाचून दाखवला होता. बाई म्हणाली, "साहेब, पट्टा लिवलाच नाय. आमी लय येळा सांगितलं व्हतं." साहेबांनी विचारलं, पलीकडचा भाग मोजला होता की नाही. मोजला होता, तिथं नुसता खडक लागला, असं साहेबांना सांगण्यात आलं. साहेबांनी सही केली. पुढे त्यांना काठावर जमीन मिळाली ती अर्धी, आणि मुरमाड. नवरा हमालीला मनमाडच्या स्टेशनावर गेला. बाई नाशकात नदीकाठच्या बाजारात दुसऱ्याची भाजी विकायला बसायला लागली. हे सगळं तुम्हाला माहीत होतं. नाही म्हणू नका.

दोन वर्षांनी आपण त्या बाजारातून चाललो होतो. तिला तुम्ही माझ्याआधी पाहिलंत, कारण माझा दंड धरून म्हणालात, "खाली बघून चल." पण तिनं हाक मारलीच. "ओ साहेबाची पोर! सायकल येती का नीट आता?" हसत होती ती, अप्पा. खोटं हसू नव्हतं. पाटीतल्या दोन काकड्या काढून माझ्या पिशवीत टाकल्या, नको नको म्हणेपर्यंत. तुम्ही घरी आल्यावर म्हणालात, "त्या काकड्या गाईला घाल." का हो? तिची भाकरी चालली, ठेचा चालला, आणि काकडी गाईला? मी विचारलं नाही. गाईलाही घातल्या नाहीत. मागच्या ओट्यावर बसून मिठाशिवाय दोन्ही खाल्ल्या.

तुम्ही माझ्याशी त्या विषयावर मरेपर्यंत एक अक्षर बोलला नाहीत. शेवटच्या आजारपणात मी तीन आठवडे तुमच्या उशाशी होते. तोंडात पाणी घालत होते. वाटायचं, आता बोलतील. तुम्ही पेन्शनचे कागद कुठे आहेत ते सांगितलंत, धाकट्याच्या लग्नाचं सांगितलंत, माझ्या डोक्यावर हात ठेवून "तू माझी गुणाची" म्हणालात. तो हात मी झटकला असता. तुमची ताकद नव्हती म्हणून ठेवू दिला. गुणाची! एका बारा वर्षांच्या मुलीच्या आड लपलात आणि तिला गुणाची म्हणालात.

आता उरलेलंही लिहून टाकते, नाहीतर या रागाला काही अर्थ नाही. साहेबांना ते कुणी सांगितलं, हे मी वर लिहिलेलं नाही. तुम्ही नाही सांगितलंत. साहेबांनी विचारल्यावर तुम्ही टोपी काढलीत, कपाळावरचा घाम पुसलात आणि म्हणालात, "साहेब, तो पट्टा..." आणि थांबलात. तुम्ही खरं सांगणार होतात. तुमचा चेहरा मला पाठ होता, खोटं बोलायचा नव्हताच तो. आणि मी दारातून पुढे आले आणि म्हणाले, "आम्ही गेलो होतो तिकडं. मीच फेरे मोजले. नुसता खडक आहे." दोन वेण्यांची मुलगी, तिला कोण खोटारडी म्हणणार? साहेब हसले. बाई माझ्याकडे बघतच राहिली. तुम्हाला एवढंच म्हणायचं होतं, "पोरगी खोटं बोलतेय, साहेब." चार शब्द, अप्पा. तुम्ही टोपी परत डोक्यावर घातलीत.

मी तुम्हाला वाचवायला बोलले, असं तुम्हाला वाटलं असणार. म्हणूनच त्या पावसाळ्यानंतर लोक काय म्हणतील याचा विचार न करता तुम्ही मला शाळेमागच्या मैदानावर रोज सायकल चालवायला नेलंत, म्हणूनच मी गुणाची. तसं नव्हतं हो. तुमची अब्रू, तुमची नोकरी, काहीही माझ्या मनात नव्हतं. सायकल खात्याची होती. तुमची चूक निघाली तर ती काढून घेतील, एवढंच मला सुचलं, आणि मला अजून सीटवर बसून चालवता येत नव्हतं.