वस्तुलज्जा सिद्धांत आणि सांगोल्याचा साखरपुडा

ती. दाजींच्या चरणी बलभीमचा साष्टांग नमस्कार.

तुमची गुडघेदुखी हटली असेल, अक्काचा रक्तदाब (घरात माझं नाव निघत नसेल तेव्हा तरी) ठीक असेल आणि चि. शिवकन्येच्या तोंडावर साखरपुड्याची कळा असेल, असं धरून चालतो. इकडं सगळं क्षेम आहे. पत्र बघून नवल वाटेल. पण तुमचाही मोबाईल हल्ली अक्काच उचलते आणि माझा आवाज ऐकला की ठेवून देते. म्हणून टपाल. सख्खा मामा भाचीच्या साखरपुड्याला का आला नाही, हे तुम्हाला शास्त्रोक्त कळलं पाहिजे.

दाजी, शाळेत विज्ञान शिकवता शिकवता मला एक सिद्धांत सापडला आहे. उष्णतेनं वस्तू प्रसरण पावते हे पुस्तकात आहे; पण नजरेनं ती संकोच पावते, हे कुठंच नाही. माणसाच्या जाणिवेचा वस्तूवर दाब पडतो आणि वस्तू लाजते. दुधासमोर उभं राहा, साय हलत नाही. पाठ फिरवा, ओट्यावर पूर. आमची म्हैस व्यायला झाली तेव्हा मी गोठ्यात ठाण मांडून बसलो. तिनं नुसता रवंथ केला. घरात येऊन चहाची बशी तोंडाला लावली, तेवढ्यात ती मोकळी! याला मी ‘वस्तुलज्जा सिद्धांत’ असं नाव दिलं. (राजेश्वरीनंही एक नाव दिलं आहे, ते वडीलधाऱ्यांच्या पत्रात लिहिता येत नाही.)

तर साखरपुड्याच्या सकाळी आम्ही दोघं परंड्याच्या अलीकडं आमच्या फाट्यावर उभे. राजेश्वरी ठेवणीतल्या साडीत, हातात शेंगाच्या पोळ्यांचा डबा. बसनं कुर्डुवाडी, तिथून रेल्वेनं सांगोला, असा बेत. पण बस येईना. सगळा फाटा रस्त्याकडं टक लावून बसलेला. मला एकदम उमगलं, एवढ्या नजरांसमोर ती बिचारी येईल कशी? मी सगळ्यांना रस्त्याकडं पाठ करायला लावली. (निम्मे लोक माझेच जुने विद्यार्थी. मास्तर म्हणाले भिंतीकडं तोंड करा, की करायची त्यांना सवय.) मान खाली, बोलणं बंद, आणि आवाज आला तरी गाडी पुरती थांबेपर्यंत वळायचं नाही, नाहीतर ऐन वेळी बुजायची. लेकीच्या बाळंतपणाला निघालेल्या धुरपदाबाईंनी तेवढी शंका काढली, “गुरुजी, अशी पाठ दावून बस येती व्हय?”

आणि दाजी, आली! लांबून घरघर ऐकू आली, जवळ आली, पाठीमागं हळू झाली... आणि निघून गेली. मी आनंदानं ओरडलो, “आली!” बाकीचे ओरडले, “गेली!”

“लई मोठी विद्या हाय तुमची,” धुरपदाबाई म्हणाल्या, “पर आता लेकीकडं मी उडत जाऊ का?” राजेश्वरी डबा घेऊन माझ्यापासून दहा पावलं लांब जाऊन उभी राहिली. (हे जास्त वाईट.) शेवटी कांद्याचा एक टेम्पो थांबला. सगळे पोत्यांवर बसलो. वाटेत लोकांचा राग शांत करायला शेंगाच्या पोळ्या वाटाव्या लागल्या. कुर्डुवाडी स्टेशनात धावत शिरलो तर सांगोल्याची गाडी नुकतीच हलत होती. मी थबकून डोळे फाडून तिच्याकडं बघत राहिलो. सिद्धांतानुसार ती जागच्या जागी थिजायला हवी होती. गेली. रेल्वेला लाज नसते, एवढी नवी माहिती हाती आली.

परतीला नेमकी तीच बस, तोच ड्रायव्हर. त्याला जाब विचारला तर बिचारा हळहळून म्हणाला, “सर, मला वाटलं कुणाची तरी शोकसभा हाय. म्हणून हॉर्नबी न वाजवता हळूच गाडी काढली.” त्यावर राजेश्वरी इतकी हसली, की डोळ्यांतून आलेलं पाणी हसण्याचं की साखरपुडा चुकल्याचं, ते मला कळेना. तेव्हा मात्र मला फार वाईट वाटलं.

थोरांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद, आणि अक्काला तिचा मूड बघून जे शोभेल ते.

तुमचा,
बलभीम

ता. क. : माझा चुलतभाऊ बिरदेव सांगत फिरतोय, की लग्नात शिवकन्येला मांडवात आणायचा मान अक्का त्याला देणार आहे. दाजी, हे पत्र खरं तर एवढ्यासाठीच आहे. “मुलीच्या मामानं मुलीला आणावं” असा पुकारा झाला की तिथं मी असलो पाहिजे. हवं तर आदल्या आठवड्यातच येऊन राहतो, तोंडातून सिद्धांताचं अक्षर काढणार नाही. पण तेवढं अक्काच्या गळी उतरवा.

ता. क. दुसरा (राजेश्वरीचा) : दाजी, पाकीट चिकटवायला माझ्याकडं आलंय म्हणून लिहिते. अक्काचा मला रोज फोन असतो. बिरदेवभाऊजींना कुणी विचारलेलंसुद्धा नाही; मामाचा फेटा अक्कानं यांच्या मापाचा घेऊनही ठेवलाय. फक्त ती म्हणाली, “त्याला एवढ्यात सांगू नकोस. लग्नाची पाहुण्यांची यादी करायला, पत्रिका वाटायला, मंडपवाल्याच्या मागं फिरायला माणूस लागतोय, आणि घाबरलेला बलभीम लई कामाचा असतो.” तेव्हा तुम्ही उत्तर जरा कडकच लिहा.