बार्नबीच्या बरगड्या आणि मेटकाफांचा शब्द

आदरणीय म्युरिएलवहिनी,

तुमचा गुडघा आता जिना चढू देत असेल अशी आशा आहे. माझी प्रकृती उत्तम. असायलाच हवी, आजारपणाला मी वेळ देत नाही. हे पत्र आमचे शेजारी मेटकाफ यांच्या आभाराचं आहे, पण आधी त्यांचा अपराध ऐका.

सुगीचं जेवण यंदा चॅपलच्या दालनाऐवजी त्यांच्या कोठारात व्हावं, असं त्यांनी गावसभेत सुचवलं. मी विरोध केला. त्यावर शेजारधर्म विसरून ते मला सर्वांदेखत ‘हाइडबाउंड’ म्हणाले. दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्यांना कुंपणापाशी गाठलं आणि सांगितलं, की हा शब्द मुळात गुरांचा. उपासमारीने कातडं बरगड्यांना घट्ट चिकटलं की चार शतकांपूर्वीचा शेतकरी जनावराला हाइडबाउंड म्हणे. मग साल आवळलेल्या झाडांना म्हणू लागले, आणि शेवटी जुनं न सोडणाऱ्या माणसांना. (ते घड्याळ बघत होते. मी थांबले नाही.)

खात्यापित्या जनावराचं कातडं कसं सैल असतं ते दाखवायला मी आमच्या म्हाताऱ्या तट्टाला, बार्नबीला, हाक मारली. हिवाळ्याच्या दाट केसांत तो पिंपासारखा दिसतो. बरगडीवरचं कातडं चिमटीत धरायला गेले, तर ते उचललंच जाईना. केसांखाली नुसती हाडं होती. माझं वाक्य अर्ध्यावर राहिलं.

मेटकाफ कुंपण ओलांडून आले. म्हणाले, “बाई, व्याख्यान पुरे. तोंड उघडा.” (बार्नबीचं.) दाढा करवतीसारख्या वाढल्या होत्या. बिचारा गवत चावून बोळे टाकून देई आणि मी ते नखरे समजून रोज झाडून काढत असे. गुरांच्या डॉक्टरांनी दाढा कानशीने घासून सपाट केल्या आणि सांगितलं, आणखी थोडी थंडी पडली असती तर खड्डाच खणावा लागला असता. तेव्हापासून मेटकाफ रोज भिजवलेला गरम खुराक घेऊन येतात. ते जवळ उभे असले की बार्नबी बादली चाटून पुसतो. वहिनी, त्या माणसाने माझा अपमान केला नसता, तर मी त्या जनावराला हात लावून पाहिलं नसतं. पुढच्या गावसभेत सर्वांदेखत उभं राहून मी त्यांचे आभार मानले, आणि बसण्यापूर्वी त्यांच्या कोठाराविरुद्ध मत दिलं. ते म्हणाले, “शब्द मागे घेत नाही हं, बाई.” मी म्हटलं, घेऊही नका.

तुमची नणंद,
विनिफ्रेड

ता. क. डॉक्टर म्हणतात, एकट्याने बार्नबी पोटभर खात नाही, सोबत हवी. तुमची गाढवीण मर्टल हिवाळ्यापुरती द्याल का?

ता. ता. क. विचार करायला हवा तेवढा वेळ घ्या. हे पत्र आणून देणारे मेटकाफच आहेत, आणि त्यांच्या गाडीत गवत अंथरलेलं आहे.