दानी कोमेताची एंट्री

२९ सप्टेंबर, रविवार
माझी पोरगी रेनाता पंधरा वर्षांची होणार. आपल्याकडे पंधरावं म्हणजे मुलगी मोठी झाल्याचं कार्य. २६ ऑक्टोबरला आधी चर्च, मग हॉल. आज स्वतः सांगायला आली. म्हणाली, पापा, सगळ्यांसमोर माझे सपाट बूट काढून पहिल्या हील्स तू माझ्या पायात घालायच्या, मग आपल्या दोघांचा वॉल्ट्झ. सराव दर रविवारी फेर्मिनच्या कारखान्यात. फेर्मिन म्हणजे माझ्या माजी बायकोचा, मारीक्रूसचा, हल्लीचा नवरा. बूट शिवतो. बुटांच्या या लेओन शहरात दुसरं करणार तरी काय.
म्हटलं, पोरी, तुझा बाप पंधराव्या वर्षी ‘कोमेतास’ या पाच पोरांच्या बँडमधून स्टेडियममध्ये गात-नाचत होता. ती म्हणाली, माहितीय पापा, पण वॉल्ट्झ नाही.
संकल्प: मक्याच्या तोर्तिया खाणं बंद. सराव चुकवायचा नाही.

३० सप्टेंबर
भन्नाट कल्पना. वॉल्ट्झ झाला की मी माझं हिट गाणं म्हणणार. पाहुण्यांत एखादा टीव्हीवाला असतोच. म्हणजे पुनरागमन घरच्याच कार्यात. हॉल फेर्मिन देतोय, केक तिची धर्ममाता, बँड शेजारी. मी माझी कला देणार. तिची किंमत होत नाही.

६ ऑक्टोबर, रविवार
सरावाला गेलो नाही. गळ्याला विश्रांती. आई म्हणाली, वॉल्ट्झ गळ्याने नाचतात होय रे? आईला शो बिझनेस कळत नाही.
माझ्या जागी फेर्मिन उभा राहिला म्हणे. राहू दे. माणूस म्हणजे शिसवी कपाट.

९ ऑक्टोबर
जुना पांढरा सूट काढला. ड्राय क्लीनरने आटवलाय. आई म्हणाली, ड्राय क्लीनरला कशाला शिव्या देतोस, तो सूट तीस वर्षं आहे तेवढाच आहे.
तोर्तिया उद्यापासून बंद.

११ ऑक्टोबर
औषधाच्या दुकानातल्या बाईने ओळखलं! तिच्या कपाटाच्या दाराला आत आमचं पोस्टर होतं. चौघे नीट दिसायचे, मी बिजागरीत जायचो. तरी ओळखलं, हे महत्त्वाचं. तिने मला कोपरावरून ओळखलं.

१३ ऑक्टोबर, रविवार
गुडघ्यांवर घसरत जायची माझी प्रसिद्ध स्टेप घरी करून पाहिली. गुडघे मध्येच थांबले, मी पुढे गेलो. आज सराव अशक्य.
रेनाताचा फोन. पापा, येणार आहेस की नाही, एकदाचं सांग ना. म्हटलं, खऱ्या कलाकाराला सराव लागत नाही. ती म्हणाली, मला लागतो ना.
पुढच्या रविवारी नक्की.

२० ऑक्टोबर, रविवार
गेलो! थोडा उशीर झाला. केसांना रंग लावला होता, तो डोक्यावर घेऊन रस्त्याने कसं जाणार? पोहोचलो तर फेर्मिन अंगणातल्या खुर्च्या गोळा करत होता. रेनाता वाट बघून घरी गेली होती. तो म्हणाला, दानी, शनिवारी वेळेवर ये हं, बँडला पुढे सिलाओला दुसरं कार्य आहे, सातला म्हणजे सातला सुरू.
हो हो म्हटलं. आपल्याकडे सातचं आमंत्रण म्हणजे नऊ, हे याला इतक्या वयात कुणी सांगायचं?

२६ ऑक्टोबर, शनिवार, दुपार
चर्चला आईला एकटीलाच पाठवलं. धुपाने आवाज बसतो. मी थेट हॉलवर. हॉल तापल्याशिवाय स्टारने आत पाऊल टाकायचं नाही, हा आमचा जुना नियम. सूट बसला. बसायचं मात्र नाही.

२७ ऑक्टोबर, रविवार
हॉलच्या मागे गाडीत थांबलो होतो, गॉगल लावून. फोन बंद ठेवला होता, एंट्रीच्या वेळी वाजू नये म्हणून. आतून वॉल्ट्झ ऐकू आला. वाटलं, बँडवाले वाद्यं जुळवतायत.
दार ढकललं तेव्हा रेनाता सगळ्यांच्या मधोमध उभी होती आणि मला उंच वाटली. सपाट बूट खुर्चीखाली पडले होते. फेर्मिन रुमालाने डोळे पुसत होता. मारीक्रूस हळूच म्हणाली, किती फोन केले तुला. शेवटी पोरगीच म्हणाली, फेर्मिन, तू ये.
एकही पाऊल चुकलं नाही म्हणे त्याचं. सगळे रविवार त्यानेच सराव केला, चुकेल कशाला.
निवेदकाने माइकवर मुलीचे वडील म्हणून फेर्मिनचे आभार मानले. मग म्हणाला, आता आपले खास पाहुणे कलाकार, दानी कोमेता. हे शब्द पुन्हा ऐकायला मी कितीतरी वर्षं तडफडत होतो. गायलो. आवाज छान लागला. टाळ्याही पडल्या. पण त्या हील्स तिच्या पायात मला घालायच्या होत्या. फार वाईट वाटलं.
बँड सिलाओला निघाला, तेव्हा रेनाताने प्रत्येक वादकाला थँक्यू म्हणत केकचा डबा दिला. रांगेत शेवटी मी उभा होतो. मलाही दिला. थँक्यू म्हणाली. रागावली नव्हती, हेच मला सहन होत नाहीये.
परतताना आईने गाडीत एकसुद्धा टोमणा मारला नाही. शेवटी मीच विचारलं, गाणं कसं झालं? म्हणाली, समोर बघून गाडी चालव.