गाठवाल्याचं शेवटचं कडवं

वस्ताद,

अमरावतीच्या कॉलेजात, गॅदरिंगच्या दुपारी, मी तुमच्या गाण्याचं शेवटचं कडवं गिळलं आणि तिथून माझं सगळं बदललं. लोक वेगळं सांगतात. कोणी म्हणतं पोट्टा प्रेमात पडला म्हणून बिघडला, कोणी म्हणतं डोकं गरम म्हणून कॉलेज सुटलं, घरचे तर सरळ गाण्यालाच शिव्या देतात. सगळं थोडं थोडं खरं आहे. पण सुरुवात त्या कडव्यापासून. तीन कडवी गायलो, चौथ्याच्या आधी पेटी थांबवली आणि हात जोडले. टाळ्या पडल्या. पहिल्या रांगेत ती बसली होती, वरूडची, जिच्यासाठी मी त्या वर्षी सगळे तास बुडवत होतो आणि जी स्वतः एकही तास बुडवत नव्हती. खाली उतरलो तर समोर येऊन म्हणाली, "तुनं लिहिलं?" मी म्हटलं, "हाव." बस. एवढंच बोललो. बाकीचं तिनं स्वतःच मनात भरून घेतलं.

तुम्हाला जाऊन आता नऊ वर्षं होतील. आज अकरा वाजता अकोल्याच्या स्टुडिओत तेच गाणं नीट रेकॉर्ड व्हायचं आहे आणि ती अमरावतीहून बसनं ऐकायला येते आहे. तिनं घरी सांगितलंय, लग्न करीन तर ज्यानं ते गाणं लिहिलं त्याच पोराशी. म्हणजे आज मी तुमचं नाव असलेलं चौथं कडवं गायलो तर सात वर्षांचं खोटं तिच्यासमोर उघडं पडतं, आणि नाही गायलो तर ते कायमचं माझं होतं. मी गाणार आहे. हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर तुम्ही तिकडे बसल्या बसल्या मला चार शिव्या हासडाल.

तुमच्याबद्दल लोक आता चांगलं बोलतात, हेही सांगायचं होतं. जिवंत होतात तेव्हा अर्ध्या वस्तीला तुम्ही फक्त जिनिंगमधले म्हणून माहीत होतात. कापसाची गाठ प्रेसमधून बाहेर आली की तिच्यावर पत्र्यातून कापलेलं नाव ठेवायचं, वरून काळ्या शाईचा ब्रश फिरवायचा, हे तुमचं काम. दिवसभर तेच. बोटं काळी, केस पांढरे, आणि ते पांढरे वयानं की रुईनं हे आंघोळीशिवाय कळायचं नाही. तिथंच उभ्या उभ्या तुम्ही गाणी बांधलीत. मशीनचा ठेका धरून पहिली ओळ, जेवणाच्या सुट्टीत दुसरी. जयंतीला, दसऱ्याला, लग्नाकार्याला, अकोल्यापासून धारणीच्या रस्त्यापर्यंत जीपमध्ये पेटी-ढोलक कोंबून तुमची पार्टी जायची. बाबासाहेबांची गाणी तर होतीच. पण तुम्ही वावरावर, एस.टी.च्या खिडकीवर, सासुरवाडीच्या आलूच्या भाजीवरही गाणी केलीत, आणि लोक हसता हसता डोळे पुसायचे. प्रत्येक गाण्याच्या शेवटच्या कडव्यात तुमचं नाव. घरचं नाव नाही, तुम्ही स्वतःला दिलेलं: गाठवाला. आपल्याकडं त्याला छाप म्हणतात. ज्यानं गाणं बांधलं त्याची छाप शेवटी आलीच पाहिजे.

तुमचं स्वयंपाकघर मला अजून जसंच्या तसं दिसतं. रविवारी दुपारी तालीम तिथंच, कारण पुढच्या खोलीत टीव्ही. मी सोळा वर्षांचा, कोरसात. काकी भाकरी थापत असते, ढोलकवाला पिपावर बसलेला असतो, तुम्ही पेटी घेऊन खिडकीखाली. काकी दर रविवारी ओरडते, "चुलीपासून दूर ठेवा हो ते पेटी, भाता सुकला त मंग मायाच नावानं बोंबलान." तुम्ही पेटी चार बोटं सरकवता आणि त्याच गाण्याला हात घालता, जे काकीवर केलं होतं. दसऱ्याला नागपूरला निघालेल्या बाया, सगळ्यांची पांढरी लुगडी, वावरात नुकताच फुटलेला कापूस, आणि त्यात तुम्हाला काकी पहिल्यांदा दिसली म्हणे.

कापसाच्या वावरात पांढरं तुयं लुगडं,
राणी, तुले शोधू कसा, ऊन पडलं उघडं.

काकी न वळता म्हणायची, "शोधलं कायले मंग? सुखी असती मी." आणि सगळी पार्टी हसायची. पण तुम्ही गात असताना तिचा भाकरीवरचा हात हळू पडायचा, हे मी पाहिलं आहे.

त्याच स्वयंपाकघरात मी तुमचा एकच मार खाल्ला. उशीर झाला होता, दुसऱ्या दिवशी कार्यक्रम, म्हणून मी म्हटलं, शेवटचं कडवं सोडू, तसं बी त्यात नावच आहे. तुम्ही पेटी बंद केलीत. आधी टपली मारली, मग विचारलंत, "गाठीवर नाव नसलं त ते कोनाची?"

मी म्हटलं, "जिनवाल्याची."

"बिननावाची गाठ कोनाचीच नसते बे. जो उचलन त्याची."

तेव्हा मला राग आला होता. एवढ्याशा गोष्टीला सगळ्यांदेखत मारतात काय, म्हणून दोन रविवार आलोच नाही. तिसऱ्या रविवारी ढोलकवाल्यानं रस्त्यात गाठून कॅसेटची गोष्ट सांगितली. तुम्ही तरुण असताना एकानं तुमची आठ गाणी रेकॉर्ड करून नेली होती. कॅसेट बाजारात आली, बसस्टँडवर, पानठेल्यावर वाजली. कव्हरवर गायकाचा फोटो, आणि गीतकाराच्या जागी छापलं होतं 'पारंपरिक'. म्हणजे गाणं लिहिणारा जिनिंगमध्ये उभा, ब्रश हातात, आणि बाहेरच्या पानठेल्यावर त्याचंच गाणं वाजतंय, कोणा मेलेल्या आजोबांच्या नावावर. ढोलकवाला म्हणाला, त्या दिवशी तुम्ही डबा तसाच घरी आणला होता. त्यानंतर एकही गाणं तुम्ही छापेशिवाय बांधलं नाही, आणि छाप अशी बसवायला लागलात की ती काढली तर कडवंच मोडावं.

मी परत आलो. तेलाच्या पिपाचा पत्रा पुढे सरकवलात. त्यात माझं नाव कापलं होतं, कडा घासून गुळगुळीत केलेल्या. "गानं लिहिशीन तवा लावजो," एवढं म्हणालात. मी गाणं लिहिलंच नव्हतं अजून. तरी पुढचे कितीतरी दिवस पेटीच्या खोक्यावर, दप्तरावर, घराच्या मागच्या भिंतीवर माझं नाव मारत सुटलो. आईनं भिंतीसाठी वेगळा मार दिला.

आता ऐका, तुम्हाला न सांगितलेलं. गॅदरिंगनंतर तिनं ते गाणं वहीत लिहून मागितलं. मी रात्रभर नाही, एका पिरियडात लिहिलं, मागच्या बाकावर बसून, तीनच कडवी. आणि खाली तुमच्या पत्र्यातून माझं नाव मारलं. काळ्या शाईनं, एकदम ठसठशीत. तिनं ते पान पुस्तकाच्या कव्हरखाली ठेवलं. म्हणाली, "रोज भांडतं मायासंग, अन् गानं असं लिहितं?" मला लाज वाटली असं लिहिलं तर खोटं होईल. मला भारी वाटलं. लाज नंतर आली, हप्त्याहप्त्यानं.

पुढच्या वर्षी अकोल्याचा एक पोट्टा कॉलेजात आला, तुमच्याच ढोलकवाल्याचा मुलगा. तालमीत मी तेच गाणं धरलं. तीन कडवी झाली तसा तो सगळ्यांसमोर म्हणाला, "भाऊ, हे त गाठवाल्याचं होय ना? शेवटचं कुठं गेलं?" मी त्याला काही बोलूच दिलं नाही. माइकचा स्टँड उचलला. तीन टाके पडले त्याला, भुवईवर. ती तिथं नव्हती, हे माझं नशीब, म्हणजे तेव्हा मला तसं वाटलं. प्राचार्यांनी बोलावलं. भला माणूस होता. म्हणाला, माफीनामा लिहून दे, का मारलं ते लिही, विषय संपला. कोरा कागद समोर ठेवला. मी अर्धा तास त्या कागदाकडे बघत बसलो. का मारलं ते लिहायचं म्हणजे तुमचं नाव लिहायचं. मी कागद कोराच ठेवला, पिशवी उचलली आणि सेकंड इयर तिथंच सोडलं. लोकांना वाटलं गाण्यासाठी सोडलं. मीही तसंच सांगत आलो. चांगलं वाटतं ना ऐकायला, गाण्यासाठी कॉलेज सोडलं.

पण वस्ताद, त्यानंतर मी बसून राहिलो नाही. अमरावतीत ऑटोवाल्यांच्या गणपतीपासून वरूडच्या संत्र्याच्या पॅकिंग शेडमधल्या लग्नापर्यंत गायलो. माझी स्वतःची अकरा गाणी आहेत आणि अकराही लोकांच्या तोंडात आहेत. कोचिंग क्लासच्या पोरांवर केलेलं गाणं तर पोरं क्लासमध्येच वाजवतात, आणि ती त्याच क्लासमध्ये शिकवते, तिला वर्ग थांबवावा लागतो. माझा आवाज तुमच्यापेक्षा चांगला आहे. रुई गेली नाही ना घशात. तुमच्यासमोर हे बोललो असतो तर टपली बसली असती, पण खरं ते खरं. फक्त लोक शेवटी फर्माईश करतात ती त्याच गाण्याची, लुगड्याच्या. आणि दर वेळी मी तिसऱ्या कडव्यावर हात जोडतो.

काल काकीकडे गेलो. कारण सांगायला लाज वाटते, पण सांगतो. रेकॉर्डिंगसाठी कडवं आठवायला बसलो तर पहिली ओळ आली, दुसरी येईना. इतकी वर्षं गिळून गिळून ती आतच कुठंतरी विरून गेली होती. वही तुमच्यासोबत गेली. ढोलकवाल्याच्या घरी जायला मला तोंड नाही. उरली काकी. ती त्याच स्वयंपाकघरात, आता गॅस आहे, पोळ्या लाटत होती. मी इकडचं तिकडचं बोललो. तिनं कढी वाढली. मी कढी संपवली. मग म्हटलं, "काकी, त्या लुगड्याच्या गान्याचं शेवटचं कडवं…"

"आली का आठवन?" लाटणं न थांबवता. "मोबाईलवर ऐकून राह्यली मी सात वर्षापासून. खाली तुयं नाव लिहिलेलं असते."

मी वाटी खाली ठेवली. "मंग बोलल्या काऊन नाई?"

"बोलून काय? एका टपलीनं समजलं नाई तुले, मी अजून कोन्ती मारू?" मग पोळी तव्यावर टाकली, पिठाचे हात पदराला पुसले, आणि गायली. आवाज पार गेलाय तिचा. तरी एक शब्द इकडचा तिकडे नाही.

गाठवाला म्हणे राणी, गाठ अशी बांध,
सोडायाले येईन त्याले सापडू नये सांध.

"त्यायले वाटे कोनाले सापडनार नाई," काकी म्हणाली. "तुले बरा सापडला, कडवंच गिळून टाकलं." आणि पोळी उलटवली. मी दोनदा म्हणून पाठ केलं, तिनं दोनदा चूक काढली, तिसऱ्यांदा मान हलवली. निघताना पाया पडलो तर म्हणे, "पोरगी भांडकुदळ हाय का तुयासारखी?" मी म्हटलं, मायापेक्षा जास्त. "मंग सांगून टाक. भांडनारी मानसं जात नाईत लवकर."

हे पत्र कुठं पाठवायचं नाही, म्हणून एक गोष्ट इथं लिहून ठेवतो, तुम्हाला समोर सांगितली नसती. मी ते कडवं नुसतं सोडलं नव्हतं. गाठवाला काढून माझं नाव बसवायचा प्रयत्न केला होता. एकदा नाही, कितीतरी वेळा, कॉलेजात असताना आणि नंतरही. दर वेळी एक मात्रा वाढायची, नाहीतर पुढची ओळ लंगडी व्हायची. तुम्ही गाठच तशी मारली होती. बसलं असतं, वस्ताद, तर आज हे लिहायला मी बसलो नसतो. इमानदारी म्हणून नाही, नाव बसलं नाही म्हणून मी तीनच कडवी गात आलो.

आत्ता फोन आला. ती अकोल्याला उतरली. "कुठं मरून राह्यला? स्टँडवर उभी हाय मी." मी म्हटलं, "येतो. अन् ऐक, ते गानं मायं नाई." गाड्यांचे हॉर्न ऐकू येत होते. मी तुमच्याबद्दल सांगितलं, वहीतल्या पानाबद्दल सांगितलं, भुवईच्या टाक्यांबद्दल सांगितलं, सगळं एका दमात. भांडेल म्हणून वाट पाहत होतो, उत्तरं तयार होती माझी. तिनं एवढंच विचारलं, "मंग तुयं कोन्तं होय?"

याचं उत्तर माझ्याकडे अकरा वेळा आहे. कोणतं आधी ऐकवायचं ते रस्त्यात ठरवतो. कागद टेबलावरच राहू देतो. चपला घालतो, पेटी उचलतो आणि दार ओढून घेतो.