मॉरीन हॅडलोचा आवाज

अल मजाज, शारजा
१४ जून २००९

प्रिय शोभना,

तुम्ही दोघं मजेत असालच. आंबे संपत आले असतील. चारुदत्तरावांनी साखर बघून खावेत, हे माझ्या वतीने सांग.

इथे सकाळी घामट धुकं असतं. खिडकीतून खाडी दिसतच नाही. नुसते टॉवर तरंगतात, पायाच नसल्यासारखे. निम्मे अर्धवट सोडलेले, वर क्रेन तशाच उभ्या.

परवा फोनवर तू म्हणालीस, "ताई, तिथे करमत नसेल तर ये ना सरळ." मी नुसतं "हं" म्हटलं, कारण सुजीत शेजारीच उभा होता. त्या "हं"चंच लिहायला बसले, पण आधी दुसरं सांगते.

मॉरीन हॅडलो आठवते? कॉन्व्हेंटात असताना सिस्टरना चुकवून आपण मॅटिनीला जायचो, त्या इंग्रजी चित्रपटांतली दुय्यम नायिका. दर वेळी मध्यंतराच्या आत मरायची. तू तिच्यासारखा अंबाडा फुगवायचीस, मी आरशासमोर तिच्यासारखं बोलायचे. काय तो आवाज! काचेच्या पेल्यात बर्फ फिरावा तसा. पुढे शाळेत मुलींना मी जन्मभर तेच इंग्रजी शिकवलं.

ती आमच्या वरच्या मजल्यावर राहते. लेकीकडे आली आहे, मी लेकाकडे आले तशी. दुपारी पडदे ओढून आम्ही तिचे चित्रपट बघतो. बाहेर सगळं पांढरंफटक तापलेलं, आणि आत ती विशीची, समुद्रातून चालत येते, केस ओले, ओठ हलतात. काल मी डोळे मिटून ऐकत होते. शेजारी बसलेली म्हातारी मॉरीन म्हणाली, "ती मी नाही."

"म्हणजे?"

"तोंड माझं, आवाज दुसऱ्या बाईचा. माझी बोली गिरणी कामगारांची, निर्मात्यांना चालेना. एकाही चित्रपटात माझा आवाज नाही."

"आणि तुम्ही गप्प बसलात?"

"छान बोलायची हो ती. माझ्यापेक्षा छान."

असा संताप आला! घरी आले आणि सुजीतलाच धरलं.

"मला करमत नाही, असं मावशीला कोणी सांगितलं?"

"आई, प्लीज. काहीतरी सांगायला हवंच होतं ना!"

"मग खरं सांगायचंस. माझ्या नावावर कशाला खपवलंस?"



तर खरं असं आहे. मार्चमध्ये कंपनीने त्याला खलास म्हटलं, म्हणजे नोकरी गेली. त्याचा व्हिसा गेला की माझाही जातो. तो दोह्यात नोकरी शोधतोय. मैथिली मुलांना घेऊन नाशिकला माहेरी जाईल. तिथल्या दोन खोल्यांत मी मावत नाही. कुणी बोललं नाही, पण कळतं. आणि माझी कोथरूडची जागा विकून ज्या टॉवरात घर घेतलं, त्याचा अजून खड्डाच आहे. मुलगा वाईट नाही गं. त्याला लाज वाटते.

शोभना, मला इथे छान करमतं. संध्याकाळी खाडीकाठी दिवे लागतात, पाण्यात लांबच लांब थरथरतात. मॉरीन आपल्या बोलीत बडबडत असते. मला निम्मं कळत नाही, तरी चालत राहावंसं वाटतं, खाडी संपूच नये असं. मला यायचं नाही. पण जायला दुसरीकडे जागा नाही.

तुझ्याकडे राहू का? चार दिवस पाहुणी म्हणून नव्हे, कदाचित कायमची. मी घोरते. दुसऱ्याच्या स्वयंपाकात नाक खुपसते. चारुदत्तरावांचं इंग्रजी सुधारल्यावाचून मला राहवणार नाही. नीट विचार कर. नाही म्हणालीस तरी मी रुसणार नाही, पण ते मलाच सांग, सुजीतला नको.

धाकटीकडे पहिल्यांदाच काही मागणारी,
तुझी
गिरिजाताई