मैदानाच्या मधलं अक्षर

फ्रँकफर्ट,
२० मे

प्रिय दादा,

गौरांगने तुझं तिकीट काढलं आहे. अकरा सप्टेंबर, मुंबईहून थेट फ्रँकफर्ट. व्हीलचेअर सांगून ठेवली आहे, त्यावर वाद नको. बॅग भरण्यापूर्वी मात्र हे पत्र शेवटपर्यंत वाच आणि यायचं की नाही ते मग ठरव. फोनवर मी फक्त सूचना देते असं तू म्हणतोस, ते खरं आहे, म्हणून लिहिते आहे. पाकिटात एक जुना, घडी घातलेला कागद सापडेल. तो आत्ताच उघडू नकोस.

माझी नात स्पृहा आता तेरा वर्षांची झाली. मी मराठीत विचारते, ती जर्मनमध्ये उत्तर देते, आणि आमचं छान चालतं. दर शनिवारी गावाबाहेरच्या राइटफेराइनमध्ये, म्हणजे घोडेस्वारांच्या क्लबात, मी तिच्याबरोबर जाते. तिथे ओल्या गवताचा आणि लिदीचा वास येतो. पहिल्या दिवशी तो नाकात गेला आणि मला क्षणभर कळेना, मी कुठे आहे. तुझा खाकी शर्ट घरी आला की त्याला हाच वास असायचा. आई तो वेगळा भिजवायची.

महिन्यापूर्वी स्पृहाची ड्रेसाजची, तुझ्याच त्या घोड्याच्या आखीव चालींची, चाचणी होती. कोणत्या अक्षरापाशी काय करायचं, ते बाहेर उभं राहून मोठ्याने वाचणारं माणूस आजारी पडलं. मी म्हटलं, द्या इकडे तो कागद. शिवांगी घाबरली, सासूबाईंचे जर्मन उच्चार ऐकून घोडा उधळेल म्हणून. घोडा उधळला नाही. चाळीस वर्षं वर्गावर गणित शिकवलेला आवाज आहे हा. पण तिसऱ्या ओळीत 'एक्सवर थांबा, सलाम' असं आलं आणि माझा आवाज बसला. स्पृहाने मान वळवून पाहिलं. थांबायचं तिथे ती थांबलीच नाही, आणि दोन गुण गेले.

तुला आठवतं का, तुझी रेजिमेंट गावाजवळ असताना तू पहाटे पाचला मला उठवायचास. मी तेव्हा एम.एस्सी.ला. धुक्यात तुझ्या घोडीचे, रोहिणीचे, फक्त कान दिसायचे. तू चुन्याने चौकोन आखायचास, कडेला अक्षरांच्या पाट्या लावायचास आणि मी शाल गुंडाळून ओरडायचे, "ए वरून दुडकीने आत! एक्सवर थांब! सलाम!" मी एकदा विचारलं होतं, एक्सची पाटी कुठे आहे? तू म्हणालास, "नीलू, एक्स मैदानाच्या बरोबर मध्ये असतो. तो कुठेच लिहिलेला नसतो. स्वाराने तो मनात धरायचा." मग तू दिसेनासा व्हायचास, नुसत्या टापा ऐकू यायच्या, आणि धुक्यातून तू अगदी मधोमध येऊन थांबायचास. कुणीही नसलेल्या मैदानाला सलाम करायचास.

गेल्या आठवड्यात मी एकटी म्युनिकला जाऊन आले. गौरांग म्हणाला, "आई, सत्त्याहत्तराव्या वर्षी एकटी?" मी म्हटलं, "मग शंभराव्या वर्षी जाऊ का?" ट्रामने निम्फेनबुर्गच्या राजवाड्यापाशी उतरले. बहात्तर सालच्या ऑलिंपिकमध्ये ड्रेसाज तिथल्या बागेत झालं होतं. आता काही खूण नाही. लांबलचक कालवा, हंस, खडीच्या वाटा, मुलांच्या गाड्या ढकलणाऱ्या बायका. मी बाकावर बसले. मला स्वप्नं पडत नाहीत हे तू जाणतोस, आणि मी झोपलेही नव्हते. पण पाण्यावरून धुकं सरकत आलं, आणि खडीवरून घोडे चालू लागले. आवाज नव्हता. तिरक्या पावलांनी, हळूहळू, जणू पाण्यात तरंगत चालले होते. सगळ्यात शेवटी रोहिणी. तिच्यावर तू, दोन्ही पाय रिकिबीत. मी डोळ्यांनी अंतर मोजत एक्स कुठे असेल ते शोधत होते. जवळचा एक हंस ओरडला, तेव्हा मी उभी होते आणि माझा हात कपाळाला लागलेला होता. आल्झो, थोडक्यात, म्हातारपण.

ते खेळ बघायला रेजिमेंटमधून तू आणि तुझा दोस्त यशवंत जाणार होतात. एकाहत्तरच्या नोव्हेंबरात दोघांची नावं ठरली, आणि डिसेंबरात युद्ध झालं. तू परत आलास तो डाव्या पायाशिवाय आणि उजवा हात प्लास्टरमध्ये घेऊन. इस्पितळात तुझी पत्रं मीच लिहायचे. तू सांगायचास, मी इंग्रजी सुधारायचे, खाली सहीसुद्धा मीच करायचे. तू हसून म्हणायचास, माझी सही तुलाच जास्त चांगली येते.

मग घरी आल्यावर तू रोज अकराला गॅलरीत खुर्ची टाकून बसायचास. पोस्टमन कोपऱ्यावर वळला की विचारायचास, "नीलू, काही आलं का?" मी म्हणायचे, नाही. उन्हाळा संपला आणि तू विचारायचं थांबलास. तुझे घोडेस्वारीचे बूट तू बोहारणीला दिलेस. त्यांच्यावर आईला एक पातेलं मिळालं, त्यात ती वर्षानुवर्षं दूध तापवत राहिली. रेजिमेंटचं नाव तू पुन्हा काढलं नाहीस. आठ वर्षांपूर्वी यशवंत गेल्याची बातमी पेपरात आली, तेव्हा तू पेपराची घडी घातलीस आणि म्हणालास, "गरज सरली की माणसं विसरतात." मी चहा गाळत होते. तेव्हा बोलायला हवं होतं.

क्लबात एक लाकडी उतार बांधलेला आहे. परवा एक वयस्क गृहस्थ काठी टेकत त्यावर चढले. कृत्रिम पाय. दोन बायकांनी घोडा उताराला लावला, ते बसले, आणि काठी कठड्याला अडकवून मैदानात गेले. खाली उतरले तेव्हा लंगडत होते, वर होते तेव्हा नाही. स्पृहाने मला जर्मनमध्ये विचारलं, मामाआजोबा का नाही बसत?  त्याचं उत्तर आधी तुला द्यायला हवं.

दादा, आता तो कागद उघड. अक्षर यशवंतचं आहे, तारीख बहात्तरच्या एप्रिलची. तुझी जागा तुझीच आहे, चालता येत नसेल तर उचलून नेऊ, परत आल्यावर तुला रोहिणीवर कसं बसवायचं ते मी बघतो, असं त्यात लिहिलं आहे. तो कागद माझ्या लॉगॅरिथमच्या पुस्तकात त्रेपन्न वर्षं होता. त्याला उत्तर मी दिलं. तुझ्या नावाने, तुझ्या सहीने: 'घोडे हा विषय मी संपवला आहे. कृपया पुन्हा लिहू नये.' म्हणून कोणी लिहिलं नाही. ते तुला विसरले नव्हते, त्यांना वाटलं तूच त्यांना टाकलंस. तू दुसऱ्यांचे घोडे बघून मोडून पडशील असं मी स्वतःला समजावलं. सप्टेंबरात त्या खेळांत खेळाडूंची जी भयंकर हत्या झाली ती वाचून, बरं झालं गेला नाही, असंही म्हटलं. खरं एवढंच, की तू पुन्हा घोड्यावर बसशील आणि पुन्हा पडशील याची भीती मला होती, तुला नव्हती. यशवंतची माफी मागण्याची वेळ मी घालवली. तुझी मागते. तू आला नाहीस तर मला कारण कळेल, आणि मी पुन्हा विचारणार नाही. आलास तर चौदा सप्टेंबरला सकाळी दहाचा अर्धा तास मी तुझ्या नावावर घेऊन ठेवला आहे. नाव मी लिहिलं, सहीची जागा या वेळी कोरी ठेवली आहे. तिथल्या बाईंनी वय विचारलं. मी ऐंशी सांगितलं. त्या म्हणाल्या, गेनाऊ, अगदी बरोबर, आमचा फ्लोके हा घोडाही घोड्यांच्या हिशेबात तेवढाच आहे. उतार आहे, धरायला माणसं आहेत. कडेला उभं राहून मी वाचेन. मधलं अक्षर अजूनही कुठे लिहिलेलं नाही. ते तुला सापडेल.

तुझीच, अजून खणखणीत आवाजाची,
नीलू